न्हाणीची फरशी बदलताना





गळीत हंगाम आटोपला की गावोगाव घरदुरुस्तीची कामे निघतात. उसाचे बिल हाती आलेले असते, पाऊस लांब असतो आणि गवंडीही सापडतो. चिटबॉयबरोबर प्लॉट पाहायला गेलो की ओसरीवर चहा होतो आणि बोलणे खोडव्यावरून घरावर येते. "साहेब, न्हाणीची फरशी हलायला लागलीय. वरनंच स्टाईल बसवून घेऊ का?" हा प्रश्न आम्हाला बऱ्याच जणांनी विचारला. आम्ही उसाची माणसे, गवंडी नव्हे. पण या कामात आमचे हात चांगलेच पोळले आहेत, म्हणून उसाच्या लागणीऐवजी या वेळी न्हाणीवर लिहीत आहोत.

कुर्डुवाडीतले आमचे घर जुने, दगड-मातीच्या भिंतींचे. न्हाणीची एक फरशी खचून कोपऱ्यात पाणी साचायचे. आम्ही जुन्या फरशीवरच सिमेंटचा थर देऊन चकचकीत फरशी बसवून घेतली. दोन दिवसांत काम झाले, पैसेही वाचले. दुसऱ्या पावसाळ्यात तोच कोपरा पुन्हा बसला. साबणाच्या पाण्यावरून आई घसरली आणि तिचे मनगट मोडले. हाड जुळले, पण त्या हाताने तिने पुन्हा भरली कळशी उचलली नाही. मग फरशी काढली, तर खाली वीतभर पोकळी! सांडपाण्याच्या नळीचा सांधा निखळलेला आणि पाणी थेट स्वयंपाकघराच्या भिंतीखाली चाललेले. पहार टोचली तर पायातली माती चिखलासारखी निघाली. आणखी एक पावसाळा गेला असता तर भिंतच बसली असती.

दोष खाली असतो

फरशी वरून फुटलेली दिसते, पण बहुधा बिघाड खालून झालेला असतो. आपली काळी जमीन पाणी पिऊन फुगते आणि वाळली की आकसून भेगाळते, हे आपल्याला शेतात दिसतेच. घराखालची जमीनही तेच करते. त्यात नळी गळत असेल तर एका बाजूला चिखल आणि दुसऱ्या बाजूला कोरडी भेग. मग वरची फरशी हलणारच. मूळ कुजलेल्या बेटाचा खोडवा ठेवून वरून कितीही युरिया टाकला तरी ऊस येत नाही. जुन्या फरशीवर नवी बसवणे हा तसलाच प्रकार आहे.

म्हणून काम सुरू करण्यापूर्वी फरशीवर पहारीच्या मुठीने ठोकून पाहावे. भरीव आवाज आला तर ठीक, पोकळ आला तर फरशी काढायलाच हवी. शेजारच्या भिंतीला ओल, पोपडे वा तिरकी भेग दिसली, अगर भिंत ओळंब्यात नसली, तर स्वतः खणू नये. आधी जाणकार गवंड्याला किंवा इंजिनिअरला दाखवून भिंतीला टेकू द्यावा. मातीच्या भिंतीलगत पायाच्या खाली कधीही खणू नये.

उकरणे आणि बूड भरणे

फरशी छिन्नीने कडेकडेने सुटी करावी. दगडाची कपची डोळ्यात जाते, म्हणून चष्मा लावावा. जुना माल आणि ओली माती पूर्ण काढावी. काळी माती लागली तर ती फूटभर तरी काढून मुरूम भरावा. तो एकदम न टाकता चार-चार इंचांच्या थरांनी, थोडे पाणी मारून धुमसावा. त्यावर एक भाग सिमेंट, चार भाग वाळू, आठ भाग खडी असा तीन-चार इंचांचा कोबा करावा.

कोबा करण्याआधी जाळीखालचा ट्रॅप आणि नळी बसवून घ्यावी. या ट्रॅपला बांधकामाच्या इंग्रजी पुस्तकांतही 'नहाणी ट्रॅप' म्हणतात. शब्द आपल्या न्हाणीचाच! त्याच्या वाकणात सुमारे दोन इंच पाणी कायम उभे राहते आणि ते गटाराची घाण व झुरळे अडवते. घर आठ-पंधरा दिवस बंद राहिले की हे पाणी आटते आणि वास सुटतो. तेव्हा तांब्याभर पाणी ओतले की झाले. नळी तीन इंची घ्यावी आणि तिला दर दहा फुटांना तीन इंच उतार द्यावा. सांधा सोल्युशनने पक्का करून, पाणी सोडून तपासावा आणि मगच झाकावा.

उतार आणि पाण्याची परीक्षा

सरीला उतार किती द्यायचा हे आपण डोळ्याने ओळखतो. न्हाणीत मात्र पाणसळ आणि दोरी वापरावी. जाळीकडे दर पाच फुटांना एक इंच उतार पुरे. त्याहून कमी असेल तर पाणी रेंगाळते. फार जास्त दिला तर म्हातारे माणूस उभे राहताना डळमळते.

कोब्यावर एकास चार सिमेंट-वाळूचा थर वॉटरप्रूफ पावडर घालून द्यावा. भिंत आणि जमीन जिथे मिळतात तिथे काटकोन न ठेवता गोलावा करावा आणि थर भिंतीवर फूटभर चढवावा. पाणी सर्वात आधी शिरते ते याच कोपऱ्यातून. थर सात दिवस ओला ठेवावा. मग जाळीत बोळा बसवून दोन इंच पाणी भरावे, भिंतीवर खडूने रेघ मारावी आणि एक दिवस-रात्र तसेच ठेवावे. पाणी रेघेच्या बऱ्यापैकी खाली गेले किंवा पलीकडच्या भिंतीला ओल आली, तर गळती शोधून पुन्हा परीक्षा घ्यावी. गवंडी म्हणेल, "कशाला एवढा खोळंबा?" पण हा एक दिवस सोडू नका. आम्ही पहिल्या वेळी तो सोडला होता.

कोणती फरशी घ्यावी

आपल्याकडे शहाबादी फरशीच सोयीची. शहाबाद हे स्टेशन कुर्डुवाडीवरून सोलापूर, कलबुर्गीकडे जाणाऱ्या आपल्याच रेल्वेमार्गावर, वाडीच्या अलीकडे आहे. न्हाणीत ही फरशी पॉलिश न केलेली, खरबरीत घ्यावी. पॉलिशची शहाबादी, कडप्पा किंवा गुळगुळीत स्टाईल साबणाच्या पाण्यात दगा देते. फरशीखाली माल सगळीकडे सारखा पसरावा. चार कोपऱ्यांवर गोळे ठेवून मध्ये पोकळी सोडू नये. दर्जा नीट भरून घ्याव्यात.

एक सूचना विशेष. शहाबादी हा चुनखडीचा दगड आहे. बाटलीतले ॲसिड टाकून घासला की तो फसफसतो आणि झिजतो, दर्जांतले सिमेंटही खाल्ले जाते. साधा साबण आणि काथ्याचा ब्रश पुरे.

तयार शॉवर ट्रे

पुण्या-मुंबईला असलेली मुले हल्ली तयार शॉवर ट्रे सुचवतात. हा फायबर, ॲक्रिलिक वगैरेचा उथळ ताटासारखा तुकडा असतो आणि उतार त्याच्या पोटातच केलेला असतो. म्हणून तो बसवताना खालची जमीन उताराची नको. ट्रेच्या कडा पाणसळीत अगदी सपाट याव्यात. कंपनीच्या कागदात पाय दिलेले नसतील तर तो मालाच्या भरीव थरावर बसवावा. खाली पोकळी राहिली की पाय ठेवताच ट्रे लवतो आणि तडकतो. भिंतीच्या स्टाईल ट्रेच्या काठावरून खाली याव्यात, म्हणजे पाणी आत पडेल. काठाची फट सिलिकॉनने भरताना ट्रेमध्ये पाण्याच्या भरलेल्या बादल्या ठेवाव्यात. म्हणजे वजनाने तो जेवढा खाली बसायचा तेवढा बसेल आणि पुढे फट उघडणार नाही.

जुना ट्रे बदलताना आधी पाणी बंद करावे, सिलिकॉन पात्याने कापावे, ट्रॅप सोडवावा आणि मगच ट्रे उचलावा. खालची जमीन ओली दिसली तर वर सांगितलेले सगळे काम करणे आले. बंब ठेवायचा, धुणे आपटायचे, अशा घरात मात्र ट्रे टिकणार नाही. तिथे दगडच बरा.

पाणी शेवटी कुठे जाते?

उजनीचे पाणी आले आणि आपल्या बऱ्याच घरांत पाण्याचा वापर वाढला. पण सांडपाणी अजून भिंतीकडेलाच मुरते. न्हाणी कितीही चांगली केली तरी बाहेर डबके राहिले तर ओल पायाकडे परत येणारच, शिवाय डास होतात ते वेगळेच. जागा असेल तर पाणी केळी, आळू, नारळाला द्यावे. शोषखड्डा घ्यायचा तर काळ्या मातीत न थांबता मुरूम लागेपर्यंत खणावा, कारण काळी माती पाणी जिरवत नाही. खड्डा भिंतीपासून दूर आणि विहीर-बोअरपासून निदान पन्नास फुटांवर असावा.

आमची न्हाणी दुसऱ्या वेळी करायला पंधरा दिवस लागले. तोवर आम्ही शेजाऱ्यांकडे अंघोळीला जात होतो. आता आईसाठी भिंतीला लोखंडी दांडा बसवला आहे, तो धरून ती उठते-बसते. हा दांडा आणि खालचा मुरूम पहिल्याच वेळी घातला असता तर तिचा हात शाबूत राहिला असता, हे मनातून जात नाही. सभासदांनी हा अनुभव आमच्या खर्चाने घ्यावा, स्वतःच्या नको.

कामाला लागायचे तर मृगाच्या आधी. कळावे.

आपला,
ऊस विकास अधिकारी