मोहिनीची भूमिका करणारी मुलगी

बोलपटांतील नायिकांची नावे आपल्या घरोघरी ठाऊक आहेत. परंतु हिंदी चित्रपटसृष्टीत पहिल्याने पाऊल टाकणाऱ्या दोन स्त्रिया, दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई, या इंदुरी-तळेगावच्या रसिकांनाही फारशा परिचित नाहीत. कमलाबाई म्हणजे चंद्रकांत गोखले यांच्या मातोश्री आणि विक्रम गोखले यांच्या आजी, असे सांगितले की ओळख पटते! खरे म्हणजे ओळख उलट बाजूने व्हावयास हवी होती.

१९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामतीसाठी स्त्री मिळेना. कुलीन घरांतून तर नाहीच, पण कलावंतिणींच्या वस्तीतूनही नकार आला. अखेर उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना लुगडे नेसावे लागले. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर' चित्रपटात मात्र दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा वर्षांच्या कमलाबाई मोहिनी.

या मायलेकींनाच हे धैर्य का झाले? दुर्गाबाई पतीपासून विभक्त होऊन पोटासाठी नाटक कंपनीत शिरल्या होत्या. रंगभूमीवर येणाऱ्या बाईला समाज जे बोल लावी, ते त्यांनी आधीच सोसले होते. आणखी गमावण्यासारखे काय उरले होते? कमलाबाई लहानपणापासून रंगभूमीवर वाढल्या. शाळा अशी नाहीच. गंमत पाहा, पुरुष शालू नेसून स्त्री होत असत त्याच काळात कमलाबाईंनी रंगभूमीवर पुरुषाच्याही भूमिका केल्या. मूकपटात आवाज निरुपयोगी. पण मोहिनीचे सारे कसब हावभावांत आणि नृत्यात. भस्मासुराने तिचे अनुकरण करीत स्वतःच्या मस्तकी हात ठेवावा, एवढे ते प्रभावी दिसले पाहिजे.

आता कोणी म्हणेल, दार उघडले. मुळीच नाही! १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम साळुंकेच आणि सीताही साळुंकेच. सुमारे त्याच काळात अमेरिकेत मेरी पिकफर्ड, तीही लहानपणी आईबरोबर रंगभूमीवर कुटुंब पोसणारी, चित्रपटाच्या नफ्यात वाटा मागत होती. आपल्याकडे कमलाबाई पुन्हा नाटक कंपनीच्या बिऱ्हाडाबरोबर गावोगाव हिंडू लागल्या. रघुनाथराव गोखले यांच्याशी विवाह झाला. पुढे ऐन तारुण्यात वैधव्य आले. मुले लहान. त्यांना त्यांनी अभिनयावरच वाढविले. चंद्रकांत नट झाले, लालजी तबलावादक. पुढे कमलाबाईंनी बोलपटांतही कामे केली. १९८० च्या 'गहराई'त त्या वृद्धापकाळी दिसतात.

'मोहिनी भस्मासुर' आज आपल्याला पाहता येत नाही. परंतु पुण्याच्या चित्रपटसंस्थेत शिकलेल्या रीना मोहन यांनी १९९० नंतर 'कमलाबाई' हा माहितीपट केला. त्यात नव्वदीच्या कमलाबाई घरात बसून आपल्या नाटकांच्या आठवणी सांगतात. तेराव्या वर्षीची मोहिनी कशी असेल, याचा अदमास घेण्यास आता तेवढेच साधन आहे.