रजनी आणि प्रिया तेंडुलकर

एखादी भूमिका अभिनेत्रीचे नावच झाकून टाकते. भारतीय दूरदर्शनच्या इतिहासात याचे ठळक उदाहरण म्हणजे प्रिया तेंडुलकर (१९५४–२००२). नाटककार विजय तेंडुलकर यांच्या या कन्येने रंगभूमीवर व मराठी चित्रपटांत कामे केली होती; परंतु घरोघर त्या पोहोचल्या १९८५ साली, बासू चटर्जी यांच्या ‘रजनी’ या हिंदी मालिकेमुळे. स्वयंपाकाच्या गॅसचे सिलिंडर मिळताना होणारी अडवणूक असो वा कार्यालयांतील बेपर्वाई, रजनी ही साधी गृहिणी जाब विचारल्यावाचून राहत नसे. मालिकेविरुद्ध निदर्शनेही झाली. कल्पित पात्राचा एवढा धसका क्वचितच कोणी घेतला असेल! प्रेक्षकांच्या लेखी प्रिया म्हणजे रजनीच. वास्तविक त्या कथालेखिकाही होत्या. ‘ज्याचा त्याचा प्रश्न’ हा त्यांचा कथासंग्रह. त्यातील स्त्रियांची ओळख मात्र फार थोड्या प्रेक्षकांना झाली.