दहा गुंठ्यांचे अठरा कसे होतात?

पेण-रोह्याकडे जमिनीचा भाव अजूनही गुंठ्यावर सांगतात. गुंठा म्हणजे १०८९ चौरस फूट. आकडा आडनिडा वाटतो, पण तो ३३ चा वर्ग आहे. मोजणीची जुनी साखळी ३३ फुटांची, म्हणून एक गुंठ्याच्या चौरस खाचराची बाजू एक साखळी.

दोन गुंठ्यांच्या चौरस खाचराची बाजू मग √२ साखळ्या. आठ गुंठ्यांची √८, म्हणजे √(४×२). चाराचं मूळ पूर्ण निघतं, ते बाहेर येतं. दोन आतच राहतो. झालं २√२. दोन्ही खाचरं एकाच बांधाला लागून असली, तर बांधाची लांबी ३√२ साखळ्या, जवळपास १४० फूट. या लांबीवर चौरस आखला तर तो भरतो √१८ चा वर्ग, १८ गुंठे. दोन आणि आठ मिळून तर दहाच!

वरचे आठ कुठून आले? मोठ्या चौरसाच्या एका कोपऱ्यात आठ गुंठे बसवा, तिरक्या समोरच्या कोपऱ्यात दोन. दोन आयत उरतात. प्रत्येकाच्या बाजू √२ आणि √८, क्षेत्रफळ √१६, म्हणजे चार गुंठे.

नववीत √(क्ष² + ९) चं उत्तर ‘क्ष + ३’ लिहिलं जातं, तेव्हा हेच दोन आयत हरवलेले असतात, प्रत्येकी ३क्ष चे. नियम घोकून घेण्याआधी ही आकृती वहीत यायलाच हवी, असं मला फार वाटतं.

भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास ‘बीजगणिता’त करणींच्या, म्हणजे पूर्ण न निघणाऱ्या वर्गमुळांच्या, बेरजेसाठी दिलेलं पहिलं उदाहरण हेच आहे : २ आणि ८. पुढे ३ आणि २७, मग ३ आणि ७. दोन करणी मिळून एक होतील का, याची परीक्षा सोपी. दोन्ही संख्यांचा गुणाकार करा. ३ × २७ = ८१, पूर्ण वर्ग; म्हणून √३ + √२७ = ४√३. ३ × ७ = २१, पूर्ण वर्ग नाही; √३ + √७ तसंच ठेवायचं. पाठ्यपुस्तकातल्या ‘सजातीय करणी’च्या व्याख्येपेक्षा मला ही कसोटी हाताला जवळची वाटते.

छेदात √७ − √३ आलं तर काय करायचं, तेही त्यांनी सांगून ठेवलं आहे : एका करणीचं चिन्ह उलटवा आणि त्या राशीने अंश-छेद दोन्हींना गुणा. छेदात ७ − ३, म्हणजे फक्त ४ उरतो.