हशासाठी राखलेली जागा

धरणगावातल्या एका बंद पडलेल्या जिनाच्या गोदामात, जिथे भिंतींना सरकीचा वास अद्याप धरून आहे, माझ्या एका स्नेह्याने लिहिलेल्या दहा मिनिटांच्या अहिराणी प्रहसनाचे चित्रण दोन दिवस चालले होते. आणि संवादांची वही हाती धरून बसण्याचे काम माझ्याकडे असल्यामुळे, विनोदाचे लेखन आणि त्याची निर्मिती या दोन्ही जबाबदाऱ्या एकाच माणसाने वाहणे किती जिकिरीचे असते, ते मला फार जवळून पाहावयास मिळाले.

प्रसंग साधा होता. पुण्याकडून बदलून आलेल्या कारकुनास कचेरीच्या दारात एक म्हातारा विचारतो, "कथा जाई ऱ्हायनात, भाऊ?" अहिराणीत 'कथा' म्हणजे 'कुठे', परंतु कारकून पुराणातली कथा समजतो, आणि आपण कीर्तनकार नसून महसूल खात्यातले आहोत, असा खुलासा अत्यंत गांभीर्याने करू लागतो. वाचनाच्या वेळी आम्हां कोणालाच हसू आवरले नव्हते. चित्रणात मात्र तेच वाक्य उच्चारले गेले, वर कबुतरे फडफडली, आणि नट तडक पुढच्या वाक्यावर गेला.

स्नेह्याने काम थांबविले. रंगभूमीवर विराम किती घ्यावा हे प्रेक्षक ठरवितो. येथे जो हशा अजून जन्मालाच आलेला नाही, त्याची लांबी लेखकाने आधी मुक्रर करावयाची असते. नुसते थांबावे, आणि घरी कोणी हसलेच नाही, तर ती शांतता उघडी पडते. म्हणून त्याने म्हाताऱ्याला उपरणे सोडून पुन्हा बांधावयास लावले: हशा आला तर त्याला जागा मिळाली, न आला तर म्हाताऱ्याला काम मिळाले. ही तजवीज मला फार सुंदर वाटली.

न ऐकू येणाऱ्या हशाची ही अडचण जुनीच आहे. १९५९ साली दिल्लीत दूरदर्शन सुरू झाले, तेव्हा पु. ल. देशपांडे तेथे निर्माते होते. श्रोत्यांचे हसू ऐकू न येणारा आकाशवाणीचा कक्ष त्यांच्या चांगल्या परिचयाचा होता. पुढे, १९७२ मध्ये सुरू झालेल्या मुंबई केंद्रावर याकूब सईद आणि विजया जोगळेकर यांनी चिं. वि. जोशींचे चिमणराव-गुंड्याभाऊ दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांच्या रूपाने घरोघरी नेले. त्या काळी ते प्रक्षेपण आमच्यापर्यंत पोहोचत नव्हते. आम्हांला चिमणराव पुस्तकातच भेटला. पण त्यामुळेच त्या कामाची अवघड बाजू मला अधिक जाणवते: पुस्तकात चिमणराव स्वतःच आपली हकीकत सांगतो, विनोद त्या सांगण्याच्या भाबडेपणात असतो, आणि कॅमेऱ्याला सांगणारा दिसत नाही, फक्त करणारा दिसतो. त्या भाबडेपणाला चेहरा, चाल आणि विराम शोधून देणे हे नव्याने लिहिण्याइतकेच मोठे काम आहे.

आठवड्याने, जोडणी झाल्यावर, स्नेह्याच्या घरी आम्ही ते प्रहसन पाहिले. त्याची माय 'कथा'वर हसली नाही. कारकून खुलासा करता करता पिशवी छातीशी धरतो, तेथे ती एकाएकी हसली, आणि पुढचे वाक्य त्या हसण्यात बुडाले. स्नेह्याने माझ्या हातातली वही मागून घेतली आणि त्या जागी पेन्सिलीने एक लांब रेघ ओढली.