विद्युत्पुरवठा खंडित झाल्यावर घरगुती पाणी : वसई-विरारच्या संदर्भात

वसई-विरारमधील बहुमजली इमारतीत वीज गेल्यावर एक विसंगत दृश्य दिसते. जमिनीखालील टाकी तुडुंब भरलेली असते, आणि वरच्या मजल्यांवरील नळ मात्र कोरडे पडू लागतात. येथे उणीव पाण्याची नसून उंचीची असते. गच्चीवरील टाकी हा केवळ पाण्याचा नव्हे, तर पंपाने आधीच करून ठेवलेल्या कार्याचाही साठा होय. ती रिती होईतो नळाला विजेची गरज भासत नाही.

हे कार्य वस्तुतः अल्प आहे. १,००० लिटर पाणी २० मीटर उंच चढविण्यास सुमारे १,९६,००० जूल, म्हणजे एका युनिटाचा अठरावा भाग पुरतो. पंपाची कार्यक्षमता निम्मी धरली तरी नवव्या भागात काम भागते. तेच पाणी बादल्यांनी नेणाऱ्यास मात्र प्रत्येक खेपेस स्वतःचे वजनही चढवावे लागते! मग लहान जनित्रावर पंप का चालत नाही? थेट सुरू होणारी मोटर आरंभी नेहमीच्या पाच ते सात पट प्रवाह ओढते. जनित्र तो आघात सोसण्याइतके मोठे असावे लागते.

शहराच्या पातळीवर प्रश्न अधिक गुंतागुंतीचा होतो. सूर्या नदीचे पाणी मासवण येथे उपसून, धुकटण येथे शुद्ध करून लांब जलवाहिनीने शहरात येते. उपसा थांबला की वाहिनीचे उंच भाग रिकामे होऊन त्यांत हवा शिरते. वीज परतल्यावर ती हवा सावकाश बाहेर काढीत वाहिनी भरावी लागते. म्हणून तासाभराच्या खंडाचा परिणाम टोकाच्या वस्त्यांना कितीतरी अधिक काळ जाणवतो. शिवाय वाहिनीतील दाब बाहेरच्यापेक्षा उतरल्यास गळक्या सांध्यांतून भोवतालचे पाणी आत ओढले जाते. जुलै २०१८ मधील अतिवृष्टीत वसईत पाणी साचले आणि वीजही गेली. अशा वेळी हा धोका सर्वांत मोठा असतो, आणि पुरवठा सुरू झाल्यावर प्रथम येणारे पाणी सोडून देणे व पुढचे उकळून घेणे इष्ट ठरते.

जुन्या वसईत हा प्रश्न उद्भवत नसे. विहिरी व बावखले यांचे पाणी जमिनीलगत असे आणि वाड्यांना ते रहाटाने मिळे. पाण्याची पातळी सुमारे ७ मीटरांहून खोल नसेल तेथे साधा ओढ-पंप आजही हाताने चालतो. हवेच्या दाबाची सैद्धांतिक मर्यादा १०.३ मीटर आहे. मात्र समुद्राच्या सान्निध्यामुळे काही विहिरींचे पाणी मचूळ लागते, आणि ते धुण्यासवरण्यापुरतेच उपयोगी पडते.