विश्लेषण : जपानचा सामुराई, आपला मावळा... पडद्यावरच्या योद्ध्याचे ओझे कोण पेलते?

सप्टेंबर २०२४ मध्ये 'शोगुन' या मालिकेतील भूमिकेसाठी हिरोयुकी सानादा यांना एमी पुरस्कार मिळाला. नाट्य-मालिका गटात सर्वोत्तम अभिनेता ठरलेले ते पहिले जपानी. त्याच्या पाचच महिने आधी, एप्रिल २०२४ मध्ये, अनेक मराठी चित्रपटांत छत्रपती शिवाजी महाराजांची भूमिका साकारणारे चिन्मय मांडलेकर यांनी यापुढे ही भूमिका करणार नसल्याचे जाहीर केले. मुलाच्या नावावरून समाजमाध्यमांवर कुटुंबाला होणारा त्रास हे त्यामागचे कारण होते. दोन्ही घटनांचा एकमेकींशी थेट संबंध नाही. पण दोन्हींच्या मुळाशी एकच प्रश्न आहे. इतिहासातला योद्धा पडद्यावर उभा करणाऱ्या नटाला काय करावे लागते आणि त्याच्या मागे कोण उभे असते? स्वराज्याची राजधानी, ऐतिहासिक मालिकांचे सेट उभारणारा कर्जतचा स्टुडिओ आणि आरमाराचा किनारा हे सारे ज्या जिल्ह्यात आहे, त्या रायगडसाठी हा प्रश्न घरचाच आहे.

सामुराई आणि मावळा यांत फरक काय?

सामुराई हा जपानमधला वंशपरंपरागत लढवय्या वर्ग. तो एखाद्या सरदाराच्या पदरी असे आणि कमरेला एक लांब व एक आखूड अशा दोन तलवारी लावणे हा त्याचा मान असे. १६०३ मध्ये तोकुगावा घराण्याची सत्ता आली आणि पुढची सुमारे अडीचशे वर्षे जपानमध्ये मोठी युद्धे जवळपास थांबली. १८७६ मध्ये कमरेला तलवार लावून फिरण्यावर सरकारनेच बंदी घातली. सिनेमात चौकाचौकात झडणाऱ्या तलवारबाजीत इतिहासापेक्षा रंगभूमीचा आणि कॅमेऱ्याचा वाटा मोठा आहे, तो यामुळे.

मावळा हा वेगळा. तो मुळात मावळातला शेतकरी. पेरणीच्या दिवसांत नांगर धरणारा आणि मोहिमेच्या दिवसांत तलवार. १६७४ मध्ये रायगडावर राज्याभिषेक झाला तेव्हा जपानमध्ये सामुराई बऱ्याच अंशी कारभारी झाला होता आणि इकडे मावळा प्रत्यक्ष लढत होता. त्यामुळे दोन्हीकडच्या नटांपुढचे काम वेगळे ठरते. सामुराई साकारताना शिस्त आणि संयम दिसावा लागतो, तर मावळा साकारताना मातीचा रांगडेपणा आणि निष्ठा.

जपानमध्ये हे नट कसे घडले?

जपानी चित्रपटाने पहिले योद्धे काबुकी रंगभूमीवरून घेतले. ओनोए मात्सुनोसुके हे मूळचे काबुकीचे नट. १९०९ ते १९२६ या काळात त्यांनी हजाराच्या आसपास मूकपटांत काम केले. त्यांचे वटारलेले डोळे इतके गाजले, की प्रेक्षकांनी त्यांना 'डोळेवाला मात्चान' असे नावच पाडले. पुढे अकिरा कुरोसावा यांच्या 'सेव्हन सामुराई' (१९५४) आणि 'योजिम्बो' (१९६१) या चित्रपटांतून तोशिरो मिफुने जगभर पोहोचले. काबुकीतल्या ठरीव पवित्र्यांऐवजी त्यांनी घामेजलेला, खाजवणारा, भुकेला सामुराई दाखवला.

दूरचित्रवाणीवर एनएचके ही वाहिनी १९६३ पासून दरवर्षी एक ऐतिहासिक मालिका वर्षभर चालवते. ओदा नोबुनागा किंवा तोकुगावा इएयासु यांच्यासारख्या पुरुषांच्या भूमिका आजवर कितीतरी नटांनी केल्या. प्रत्येक पिढीला त्यांचा नवा चेहरा मिळतो आणि जुना नट त्या भूमिकेतून मोकळा होतो.

मरणाऱ्या नटाचे नाव कसे झाले?

जपानी ऐतिहासिकपटांना 'जिदाईगेकी' म्हणतात आणि त्यातल्या तलवारबाजीला 'ताते'. ही तलवारबाजी बसवणारा 'तातेशी' हा स्वतंत्र पेशा आहे. लढाईत नायकाच्या हातून कापले जाणाऱ्या नटांनाही 'किरारेयाकु' असे वेगळे नाव आहे.

सेइझो फुकुमोतो (१९४३–२०२१) हे त्यातले सर्वांत प्रसिद्ध. पंधराव्या वर्षी ते क्योटोतल्या तोएई स्टुडिओत दाखल झाले आणि जवळपास सारी कारकीर्द त्यांनी पडद्यावर मरण्यात घालवली. ते ५० हजार वेळा मेले, असे जपानमध्ये कौतुकाने सांगितले जाते. वार झाल्यावर शरीर झिंग्यासारखे मागे वाकवून कोसळण्याची त्यांची लकब प्रेक्षक ओळखत. यामागचे गणित साधे आहे. खोटी तलवार अंगाला लागत नाही, ती कॅमेऱ्याच्या रेषेत लागल्यासारखी दिसते. वार खरा वाटतो तो पडणाऱ्याच्या शरीरामुळे. नायक किती मोठा दिसणार हे पडणाराच ठरवतो.

'द लास्ट सामुराई' (२००३) या हॉलीवूडपटात फुकुमोतो नायकावर पहारा ठेवणाऱ्या अबोल सामुराईच्या भूमिकेत दिसले. २०१४ मध्ये, वयाच्या सत्तरीत, 'उझुमासा लाइमलाइट'मध्ये त्यांना पहिल्यांदा मुख्य भूमिका मिळाली. ती भूमिका होती काम कमी होत चाललेल्या एका किरारेयाकुची. २०११ मध्ये 'मितो कोमोन' ही १९६९ पासून चाललेली लोकप्रिय मालिका बंद झाली, तेव्हा या कलाकारांचा नेहमीचा रोजगारच आटला. २०२४ मध्ये एका अगदी लहान निर्मितीने, 'सामुराई टाइम स्लिपर' या चित्रपटाने, हाच विषय पुन्हा घेतला. वीज पडून आजच्या काळात आलेला खरा सामुराई क्योटोच्या स्टुडिओत किरारेयाकु होतो, अशी त्याची गोष्ट. एका चित्रपटगृहात लागलेला हा सिनेमा देशभर पोहोचला आणि मार्च २०२५ मध्ये त्याला जपान अकादमीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला.

मराठीत ही परंपरा कुठून सुरू झाली?

मात्सुनोसुके जपानमध्ये डोळे वटारत होते त्याच काळात कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी 'सिंहगड' (१९२३) हा मूकपट काढला. ह. ना. आपटे यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या कादंबरीवर तो आधारित होता आणि त्यात शेलारमामांच्या भूमिकेत होते तरुण व्ही. शांताराम. पुढे भालजी पेंढारकरांनी 'नेताजी पालकर' (१९३९), 'बहिर्जी नाईक' (१९४३), 'पावनखिंड' (१९५६), 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४) अशी मालिकाच उभी केली. त्यांच्या 'छत्रपती शिवाजी'मध्ये (१९५२) महाराजांच्या भूमिकेत चंद्रकांत मांढरे होते, तर मिर्झाराजे जयसिंगांच्या भूमिकेत पृथ्वीराज कपूर. चंद्रकांत आणि त्यांचे धाकटे बंधू सूर्यकांत हे दोन चेहरे म्हणजे एका पिढीसाठी पडद्यावरचा इतिहासच होता.

रंगभूमीवर १९६२ मध्ये वसंत कानेटकरांचे 'रायगडाला जेव्हा जाग येते' आले. रायगडावरच्या वाड्यात बाप आणि मुलगा यांच्यातला ताण दाखवणाऱ्या या नाटकात संभाजीराजांची भूमिका डॉ. काशिनाथ घाणेकर यांनी केली. घाणेकर दंतवैद्य, मूळचे चिपळूणचे. या भूमिकेने त्यांना अफाट लोकप्रियता दिली. पुढे दुसऱ्या एका डॉक्टरने, अमोल कोल्हे यांनी, 'राजा शिवछत्रपती' (२००८) या मालिकेत महाराज आणि 'स्वराज्यरक्षक संभाजी' (२०१७–२०२०) मध्ये संभाजी महाराज साकारले. १९८५ मध्ये सुरू झालेल्या बाबासाहेब पुरंदरे यांच्या 'जाणता राजा' या महानाट्याने तर खरे घोडे आणि हत्तीच रंगमंचावर आणले.

नटाला शिकावे काय लागते?

सामुराईची तलवार बहुतेक वेळा दोन हातांनी चालते. चाल पायांवर नाही, कमरेवर ठरते. कंबर खाली, पाऊल जमिनीला घासत पुढे. दोन नटांमधले अंतर हा अभ्यासाचा वेगळा भाग असतो, कारण वार ठरल्या जागी थांबला नाही तर अपघात नक्की.

मराठा योद्ध्याच्या एका हातात तलवार, दुसऱ्यात ढाल. दांडपट्टा हे शस्त्र आणखी अवघड. त्याच्या मुठीवर कोपराकडे जाणारे लोखंडी आवरण असते, त्यामुळे मनगट वळत नाही. सारा वार कोपर आणि खांद्यातून काढावा लागतो. महाराष्ट्र सरकारने फेब्रुवारी २०२४ मध्ये दांडपट्ट्याला राज्यशस्त्राचा दर्जा दिला. तो चालवण्याची विद्या कोल्हापूरच्या मर्दानी खेळाच्या आखाड्यांनी जपली आहे आणि आपल्या नटांसाठी तीच सर्वांत जवळची शाळा आहे. त्यावर घोडेस्वारी, जामा-जिरेटोप अंगावर वागवण्याची सवय आणि बखरीच्या वळणाची मराठी. ही भाषा पाठ करून भागत नाही, ती त्या नटाच्या तोंडची वाटावी लागते.

मराठी नटावर ओझे जास्त का?

जपानमध्ये नोबुनागा क्रूर दाखवला, विक्षिप्त दाखवला, तरी तो एक अन्वयार्थ मानला जातो. ताकेशी कितानो यांच्या 'कुबी' (२०२३) या चित्रपटात तो तसाच दिसतो. महाराष्ट्रात शिवराय आणि शंभूराजे केवळ इतिहासातली पात्रे नाहीत. ती श्रद्धास्थाने आहेत आणि आजच्या राजकारणाचा व अस्मितेचाही भाग आहेत. 'छावा' प्रदर्शित होण्याआधी, जानेवारी २०२५ मध्ये, झलकीतल्या लेझीमच्या दृश्यावर आक्षेप आला आणि दिग्दर्शक लक्ष्मण उतेकर यांनी ते दृश्य वगळत असल्याचे सांगितले.

दृश्य वगळता येते, नटाला स्वतःचे घर वगळता येत नाही. प्रेक्षक नटाच्या चेहऱ्यात महाराजांना पाहतो. त्या प्रेमाची दुसरी बाजू अशी, की नटाचे खाणे-पिणे, मते, घरातल्यांची नावे असे सारेच भूमिकेच्या मापाने मोजले जाते. मांडलेकर यांच्या बाबतीत हेच घडले. 'फर्जंद' (२०१८) ते 'सुभेदार' (२०२३) या पाच चित्रपटांतले काम कोणाला खटकले नव्हते, तरी भूमिका सुटली. कानेटकरांनी १९६२ मध्ये महाराजांना हतबल बाप म्हणून रंगमंचावर आणले, हे आठवले की आज लेखक आणि नट दोघांची जागा किती आक्रसली आहे, ते कळते.

आपल्याकडचा 'किरारेयाकु' कुठे आहे?

पावनखिंडीच्या लढाईत बाजीप्रभूंचा नट दिसतो, तो त्याच्याभोवती कोसळणाऱ्या पन्नास जणांमुळे. आपल्याकडे हे पन्नास जण बहुतेकदा स्टंटमन, ज्युनिअर आर्टिस्ट किंवा चित्रीकरणापुरती आणलेली आसपासच्या गावांतली मुले असतात. मावळाही तेच आणि पोशाख बदलून गनीमही तेच. श्रेयनामावलीत ते गर्दीत जातात.

धोका मात्र सर्वांना सारखाच. २०२३ मध्ये कराडला 'शिवपुत्र संभाजी' महानाट्याच्या प्रयोगात घोड्यावरच्या प्रसंगात अमोल कोल्हे यांच्या पाठीला दुखापत झाली. त्याच वर्षी मार्चमध्ये एका ऐतिहासिक चित्रपटाच्या चित्रीकरणादरम्यान पन्हाळगडाच्या तटावरून पडून १९ वर्षांच्या तरुणाचा जीव गेला. तो घोड्यांची देखभाल करायला आला होता. जपानही यातून सुटलेला नाही. १९८८ मध्ये 'झातोइची' चित्रपटाच्या सेटवर खरी तलवार लागून एका कलाकाराचा मृत्यू झाला होता. प्रशिक्षित पथक, सराव आणि तलवारींची तपासणी या गोष्टींना खर्चाचा नाही, तर निर्मितीचा भाग मानावे लागते, ते यासाठी.

रायगडच्या किनाऱ्याला यात काय जागा?

रायगड, कुलाबा, जंजिरा हे संरक्षित किल्ले आहेत. तिथे चित्रीकरणासाठी केंद्रीय पुरातत्त्व विभागाची परवानगी लागते आणि तटाला धक्का लागून चालत नाही. म्हणूनच कला दिग्दर्शक नितीन देसाई यांनी कर्जतला उभारलेल्या स्टुडिओचे महत्त्व मोठे ठरले. 'राजा शिवछत्रपती' ही त्यांचीच निर्मिती. मूळ गडाच्या जिल्ह्यातच त्याची प्रतिकृती उभी राहिली.

मात्र आजवरच्या गाजलेल्या नावांची यादी पाहिली, तर सिंहगड, पन्हाळा, पावनखिंड, प्रतापगड अशा डोंगरातल्या लढायाच पुढे दिसतात. अलिबागसमोरच्या खांदेरी बेटावर १६७९ मध्ये मायनाक भंडारी यांनी इंग्रज आणि सिद्दी यांच्या विरोधाला तोंड देत किल्ला बांधून काढला. पुढे कान्होजी आंग्रे यांनी याच किनाऱ्यावरून आरमाराचा दरारा बसवला. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेलेल्या १२ किल्ल्यांत रायगडाबरोबर खांदेरीही आहे. पडद्यावर या दर्यावर्दींना जागा कमी, याचे मोठे कारण खर्चाचे आहे. गुराबे, गलबते बांधायची, भरती-ओहोटी सांभाळत चित्रीकरण करायचे आणि हलत्या डेकवर तोल राखून लढणारे नट उभे करायचे.

त्यातली शेवटची अडचण सोडवणारी माणसे मात्र किनाऱ्यावरच आहेत. लाटेवर पाय रोवून उभे राहणे थळ, रेवदंडा, मुरूडच्या तरुणांना शिकवावे लागत नाही, तलवार धरायला शिकवावे लागेल. क्योटोत एका स्टुडिओभोवती पिढ्यान्पिढ्या पडणारे, लढणारे आणि लढाई बसवणारे कलाकार तयार झाले. खांदेरीवरचा चित्रपट कधी ना कधी निघेलच. तेव्हा मायनाक भंडारींची भूमिका कोण करणार याची चर्चा सर्वांत आधी होईल. पण तो चित्रपट खरा वाटणार की नाही, हे त्यांच्या मागे गलबतावर उभ्या असलेल्या पन्नास जणांवर ठरेल.