एका दिवसांत वाढलेलें वादळ



आपण ज्यांस चक्रीवादळें म्हणतों, त्यांसच अमेरिकेलगतच्या पॅसिफिक महासागरांत ‘हरिकेन’ असें नांव आहे. अशा एका हरिकेनची हकीकत आज आपणांस सांगावयाची आहे.

मेक्सिकोच्या पश्चिम किनाऱ्यावर अकापुल्को हें मोठें बंदराचें शहर आहे. सुंदर उपसागर पाहण्यास येणारे प्रवासी आणि मासेमारी यांवर तेथील पुष्कळांचा निर्वाह चालतो. २४ ऑक्टोबर २०२३ च्या सकाळीं त्या बाजूस येणारें ‘ओटिस’ हें वादळ अद्याप हरिकेन या संज्ञेसही पात्र झालें नव्हतें. मध्यरात्र उलटतांच तें किनाऱ्यास लागलें, तेव्हां वाऱ्याचा वेग ताशीं सुमारें २६० किलोमीटर होता! मेक्सिकोच्या पॅसिफिक किनाऱ्यावर पांचव्या, म्हणजे सर्वोच्च, श्रेणीचें वादळ आदळल्याची नोंद त्यापूर्वीं नव्हती.

असें कां व्हावें? हरिकेन हें उष्णतेवर चालणारें एक यंत्रच होय. ऊन समुद्रावरील वाफ वर चढून तिचे ढग बनतात. त्या वेळीं मुक्त होणाऱ्या उष्णतेनें हवा अधिकच वर जाते, खालीं दाब उतरतो, आणि भोंवतालचा वारा वळणें घेत आंत धांवतो. समुद्र पुरेसा तापलेला असला आणि उंचावरील वारे या भोंवऱ्यास विसकटीत नसले, म्हणजे त्याची वाढ झपाट्यानें होते. ओटिसची ही वाढ गणिती अंदाजांत वेळेवर दिसली नाहीं.

परिणाम भयंकर झाला. उंच हॉटेलांचे दर्शनी भाग उडाले, वीज व दूरध्वनि बंद पडले, आणि कोळ्यांच्या होड्या फुटल्या. नौकांच्या राखणीसाठीं उपसागरांतच राहिलेले कित्येक खलाशी बुडाले. मृतांची संख्या ५० च्या वर गेली.

याउलट २०१५ सालीं ‘पॅट्रिशिया’ हें हरिकेन भर समुद्रांत ताशीं सुमारें ३४५ किलोमीटर वेगास पोंचलें होतें. परंतु किनाऱ्याजवळ त्याचा जोर कांहींसा ओसरला, वाटेंत वस्ती विरळ होती, आणि लोकांस हलविण्यास अवधि मिळाला. म्हणून मनुष्यहानि थोडकी झाली.

तेव्हां वाऱ्याच्या वेगाइतकेंच महत्त्व हातीं असलेल्या वेळेस आहे. समुद्र तापत चालल्यानें अशी अकस्मात् वाढ अधिक वेळां होण्याचा संभव शास्त्रज्ञांस वाटतो. म्हणून वादळ साधें आहे असें कानीं आलें, तरी किनाऱ्यावरील रहिवाशांनीं आणि विशेषतः नौकेवरील माणसांनीं अंधार पडण्यापूर्वींच सुरक्षित जागा गांठावी.